नाक्यावर वाजलेला ढोल

मी रोजची वही ठेवते. दूध, गॅस, झाडांना पाणी, कोण आले. नवरा गेल्यावर शेवटची ओळ बहुतेक दिवशी एकच असायची: कोणी आले नाही. आले नाही तर आले नाही, खोटे कशाला लिहायचे?

लोधिवली नाक्यापासून दीड किलोमीटर आत आमचे घर. एका सकाळी कुंपणाजवळ एक माणूस टेप धरून उभा दिसला.

"कोण हवंय?"

"कोणी नको, मावशी. माप घेतोय. कोर्टाच्या लिलावात घर मी घेतलंय."

नवरा एका मित्राला सिमेंट-लोखंडाच्या उधारीसाठी जामीन राहिला होता. मित्र गायब झाला, व्यापाऱ्याने हुकूमनामा मिळवला, घरावर जप्ती आली. इथवर मला माहीत होते. लिलावाच्या तारखेची मी वाट पाहत होते. तारखेची नोटीस शिळफाट्याच्या आमच्या जुन्या भाड्याच्या पत्त्यावर गेली होती.

दुपारी मी कर्जतला वकीलबाईंसमोर होते.

"विक्रीपासून साठ दिवसांत अर्ज टाकावा लागतो, ताई," त्या म्हणाल्या. "नुसतं स्वस्तात गेलं म्हणून चालत नाही. लिलावाच्या पद्धतीत चूक झाली, आणि त्या चुकीमुळेच तुमचं नुकसान झालं, हे दोन्ही दाखवायचं."

एकोणीस दिवस आधीच गेले होते. कोर्टातून कागदांच्या नकला काढल्या. बेलिफाच्या अहवालात लिहिले होते: मिळकतीजवळ ढोल वाजवून दवंडी दिली, दारावर जाहीरनामा चिकटवला, दोन पंचांच्या सह्या घेतल्या. घरी येऊन मी वहीत ती तारीख काढली.

'दिवसभर घरी. गॅस आला नाही. दुपारी नाक्याकडे ढोल वाजत होता. कुणाकडे कार्य असेल. आपल्याला बोलावणे नाही. खिडकी लावून पडले. कोणी आले नाही.'

उभ्यानेच वाचले. माझ्याच घराची दवंडी होती ती. आणि मला बोलावले नाही म्हणून मी रुसून झोपले होते.

"ही वही नका देऊ," वकीलबाई म्हणाल्या. "ढोल ऐकला, हे तुमच्याच अक्षरात आहे."

"पण नाक्यावर ऐकला."

"समोरचे वकील 'नाक्याकडे' हा शब्द वाचणार नाहीत."

दुसरे काय होते माझ्याकडे? साक्षीला आणावे तर शेजारच्या एकालाही जप्तीबद्दल मी बोलले नव्हते. लाज वाटली होती. वही दिली.

उलटतपासणीत खरेदीदाराच्या वकिलांनी पाने वाचायला घेतली. "सोमवार, कोणी आले नाही. मंगळवार, कोणी आले नाही. बुधवार... बाई, तुमच्याकडे खरंच कोणी येत नाही, की हे सवयीनं लिहिता?"

मागच्या बाकावर कोणी तरी हसले.

"येत नाही," मी म्हणाले. "आले तर लिहिलंय. पुढचं पान पाहा, गॅसवाला आहे."

गॅसवाला होता. मीटर बघणारा होता. पत्ता चुकून आलेला कुरिअरवालाही होता. न्यायाधीशांनी वही मागून घेतली आणि बराच वेळ वाचली. मी पंख्याकडे पाहत राहिले. माझी ती वर्षे पहिल्यांदाच कोणी तरी ओळीने वाचत होते.

पंच म्हणून सही करणाऱ्या टपरीवाल्याने शेवटी कबूल केले की सही टपरीवरच केली, घर त्याने पाहिलेच नव्हते. निकाल आला: नाका म्हणजे मिळकतीजवळ नव्हे, जाहीरनामा दारावर लागलाच नाही, म्हणून बोली लावायला दोघेच आले आणि घर अर्ध्या किमतीत गेले. विक्री रद्द.

देणे मात्र तसेच होते. काही आठवड्यांनी दवंडी पुन्हा आली, या वेळी थेट दारात. म्हातारा ढोलवाला घाम पुसत म्हणाला, "मागच्या टायमालापन मीच होतो. बेलिफसाहेब बोलले, या उन्हात आत कुठं जातो, इथंच वाजव."

ढोल ऐकून वस्तीतली माणसे अंगणात जमली. शेजारीण कमरेवर हात ठेवून उभी.

"काय गं वयनी, घर चाललं तुजं, आनि आमाला ढोलवाल्यानं सांगायचं?"

"काय सांगणार कुणाला?"

"आमी नाय का हितं? का दिसत नाय तुला?"

मी चहा टाकला. कप पुरेनात, ते तिने घरून आणले.

तिच्या थोरल्याला वेगळे घर बांधायचे होते. कोर्टाची परवानगी घेऊन माझ्या घरामागची आंब्यांची जागा त्यांनी रास्त भावाने घेतली, आणि दुसऱ्या लिलावाच्या आत हुकूमनाम्याची रक्कम मी भरली. घर राहिले. मागच्या खिडकीतून आता आंब्यांच्या जागी भिंत दिसते.

वहीत ती ओळ अजूनही बहुतेक दिवशी येते. शेजारीण तिच्या कामात, मी माझ्या. पण नाक्याकडे ढोल वाजला की मी खिडकी लावत नाही. चपला घालते आणि कुणाचा आहे ते पाहून येते.