शूटिंगचा सदरा

माझे मोठे बाबा, म्हणजे वडिलांचे थोरले भाऊ, आर्वीकडच्या आमच्या गावात देशी कापसाचं बियाणं जपणारे म्हणून नावाजलेले. त्यांच्यावर माहितीपट निघाले आणि सगळ्यांत त्यांनी स्वतःचीच भूमिका केली. ती त्यांना फारशी जमायची नाही. एरवी धुऱ्यावरून, म्हणजे शेताच्या बांधावरून, अख्ख्या शिवाराला ऐकू जाईल असं बोलणारा माणूस कॅमेऱ्यापुढे मूठभर माती उचलायचा आणि पुस्तकी मराठीत पुटपुटायचा.

पहिल्या माहितीपटात त्यांच्या अंगात खांद्यावर फाटलेला सदरा होता. तो लोकांना इतका भावला की पुढचा प्रत्येक दिग्दर्शक तोच मागू लागला. मग मोठे बाबा धडके सदरे घालून शेतात राबायचे आणि फाटका इस्त्री करून कपाटात ठेवायचे. आम्ही त्याला शूटिंगचा सदरा म्हणायचो.

मोठ्या आईला, म्हणजे त्यांच्या बायकोला, मात्र याचं हसू येत नसे. एका लग्नात, भर पंगतीत, नाचणगावच्या एका बाईनं तिला विचारलं होतं, "काऊन वो, एवढा मोठा मानूस टीव्हीवर फाटका दिसते. घरी सुई-दोरा नाई का?" ती ताटावरून तशीच उठली. नवऱ्याचं नाव होत होतं आणि तिचं जात होतं.

गेल्या वर्षी शूटिंगची नवी मंडळी यायच्या आदल्या दुपारी तिनं त्या सदऱ्याला ठिगळ लावून टाकलं. दिग्दर्शक पोरगा हिरमुसला. "आजोबा, थोडं उसवता येईल का? आधीसारखं नैसर्गिक दिसेल." मोठी आई चहाचा ट्रे घेऊन दारातच थबकली.

दिग्दर्शकाचा शब्द मोठ्या बाबांनी कधी मोडला नव्हता. मला वाटलं, आता देतात सदरा काढून. त्यांनी आधी कॅमेरा चालू आहे का ते विचारलं. मग धुऱ्यावरच्या आवाजात म्हणाले, "हे ठिगळ माह्या बायकोनं लावलं. याले हात लावाचा नाई. अन् हे असंच दाखवजा."

पोरानं तसंच दाखवलं. शाळेच्या पटांगणात पडदा लावला होता, त्यावर ठिगळ परातीएवढं झालं. मोठी आई माझ्या कानाशी लागली, "टाका वाकडा पडला व माय."

पुढच्या खुर्चीतून मोठे बाबा न वळता म्हणाले, "मले तं सरळच दिसते."

मला रडू आलं. ती मात्र पदर सावरून मागच्या रांगांकडे बघत होती, नाचणगावची ती बाई आली आहे का म्हणून.