उदबत्तीचं एक बोट

इसोनोबाईच्या जिभेची सानुकी प्रांतातल्या त्या गावाला धास्ती होती. सगळ्यात जास्त शिव्या खाल्ल्या त्या तिच्या नवऱ्याने, आणि त्याही मेल्यावर. "बांध कच्चे घातलेस रे, मेल्या. आलेलं पाणी जातं कुठे?" शेतात पाऊल ठेवलं की सुरू.

उन्हाळ्यात तळं आटलं की गावात उदबत्तीचं पाणी चालायचं. एका पाळीला एक लांब काडी, तिचे वाट्याप्रमाणे तुकडे. ज्याचा तुकडा जळतोय त्याच्या शेतात पाणी. तो विझला की पाणक्या यासाकू ढोल बडवून पाट पुढे वळवणार. इसोनोबाईचा तुकडा शेवटचा. पाणी अर्ध्या शेताशी पोचतंय न पोचतंय तोच ढोल वाजायचा. यंदा तर रोपं पिवळी पडली. वर्षाचा भात तेवढाच.

पाळीच्या सकाळी सगळे तळ्यावर जमले, तशी ती गावप्रमुख कुरोएमोनसमोर उभी राहिली.

"मालक, माझा वाटा किती?"

"वाटेकऱ्यांच्या फळ्यावरचं तुझं नाव पुसलंय, बाई. उरेल ते तुझं. नवऱ्याच्या माघारी मिळतंय हेच पुष्कळ समज."

तिच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. पण आवाज चढला नाही.

"बरं. तुमचा किती?"

"निम्मा," कुरोएमोन छाती काढून म्हणाला. "आजोबांपासून निम्मा."

ओनिशी म्हणाला पाव. मियोशी म्हणाला सहावा हिस्सा. झालं, वाटेकरी एवढेच.

उदबत्तीच्या डब्याच्या झाकणावर अख्ख्या काडीच्या मापाच्या बारा खुणा होत्या, एकेक बोटाच्या. इसोनोबाईने त्यांच्यावर बोट ठेवलं. "निम्मा म्हणजे सहा. पाव म्हणजे तीन. सहावा हिस्सा म्हणजे दोन. झाली अकरा. बारातून अकरा गेली, राहिलं एक. माझा बारावा हिस्सा, एक बोट. आता तुकडे काढ, यासाकू."

तिचा तुकडा अर्ध्या बोटाचा निघाला. कुरोएमोनचा साडेसहा.

"आज कापताना चुकलं असेल," कुरोएमोन पुटपुटला.

"आज कुठलं, मालक?" यासाकू भोळेपणाने बोलून गेला. "हिचा नवरा गेल्यापासून तुम्हीच कापताय की. नऊ वर्षं एवढाच असतो."

इसोनोबाईने कुरोएमोनच्या तुकड्यातून अर्धं बोट मोडून घेतलं आणि आपल्या तुकड्याशेजारी ठेवलं.

"लाज वाटू दे," ती म्हणाली. "अर्ध्या बोटासाठी नऊ वर्षं एका बाईच्या तोंडचा घास काढलात. आणि शिव्या खाल्ल्या कुणी?"

तिच्या शेताची पाळी दुपारी आली. एक तुकडा विझला, यासाकूने दुसरा पेटवला. पाणी अर्ध्या शेतापुढे सरकलं, भेगा भरत भरत नऊ वर्षांत पहिल्यांदा पलीकडच्या बांधाला जाऊन टेकलं. इसोनोबाई धावत तिकडे गेली, गुडघ्यांवर बसली आणि बांधाला बाहेरून हात लावून पाहिला, या टोकापासून त्या टोकापर्यंत.

माती कोरडी होती. कुठेही थेंबभर पाझर नव्हता.