सहा घरांचे कुत्रे

एनोक हाइलमान हा माणूस आभार मानायला अगदीच कच्चा. कोणी काही दिलं की मान खाली घालायचा, नाक ओढायचा आणि हवापाण्याचं काहीतरी बोलायचा. त्याची बायको दोर्थे म्हणायची, "याच्या तोंडाला बर्फ धरलंय, उन्हाळ्यात तरी वितळेल म्हटलं तर तेही नाही." उत्तरेच्या बर्फातल्या आमच्या ऊमान्नाक गावात सगळ्यांना त्याची ही खोड ठाऊक होती आणि कोणी ती मनावर घेत नसे. त्या हिवाळ्यात मात्र बिचाऱ्यावर आभार मानायची इतकी वेळ आली की दुसरा कोणी असता तर बोलून बोलून घसा बसवून घेतला असता.

झालं असं. डिसेंबरात तो कुत्र्यांची बर्फगाडी घेऊन फ्योर्डमध्ये, म्हणजे डोंगरांत शिरलेल्या समुद्राच्या फाट्यात आत, हॅलिबट मासे धरायला गेला होता. कुत्रे नेहमीसारखे गोठलेल्या समुद्राच्या बर्फावरच बांधले, आणि स्वतः काठावरच्या खोपटात जाऊन झोपला. रात्रीत वारा फिरला. सकाळी दार उघडलं तर समोर काळं पाणी. बर्फ फुटून समुद्रात गेलं होतं आणि त्याच्यावरचे सगळेच्या सगळे कुत्रे त्याच्याबरोबर. पंधरा वर्षं एकाच रक्ताची वाढवत आणलेली जोडणी होती ती, पिल्लापासून त्याच्या हाताखाली शिकलेली. एनोक दुसऱ्याच्या गाडीवर बसून घरी आला आणि खिडकीशी जो बसला तो बसलाच. दोर्थेने कॉफी पुढे ठेवायची, थंड झाली की उचलायची, असं चाललं होतं.

आठवड्याभराने एका सकाळी ती बाहेर कचरा टाकायला गेली आणि परत आत आली. म्हणाली, "एनोक, बाहेर कोणाचा तरी कुत्रा बांधलाय." दुसऱ्या दिवशी आणखी दोन. असं करत करत सहा घरांतून नऊ कुत्रे आले. आमच्याकडे रीतच आहे तशी. ज्याचे कुत्रे गेले त्याच्या दारात न बोलता आणून बांधायचे, आणि त्याने विचारायचं नाही. पण रीतीला एक शेपूटही आहे. दिलेला कुत्रा स्वतःहून जुन्या दाराशी परत गेला आणि तिथून हलेना झाला, तर तो जुन्या मालकाचाच. मग पुन्हा मागायची सोय नाही.

सगळ्यांनी चांगलेच कुत्रे दिले असं काही नाही हं. शेजारचा पाविया मोठा खट. त्याने आपला सगळ्यांत आळशी कुत्रा आणून बांधला आणि वर म्हणाला, "खातो कमी. झोपेतच पोट भरतं त्याचं." पण बिबियानाने दिलेला काळ्या बघून एनोक पायरीवर मटकन खाली बसला. बिबियाना म्हातारी, एकटी, नवरा जाऊन दोन वर्षं झालेली. नवऱ्याचे बाकीचे कुत्रे तिने वाटून टाकले होते, पण सगळ्यांच्या पुढे पळून वाट दाखवणारा काळ्या तेवढा ठेवला होता. तो तिच्या पायरीवर झोपायचा, आणि ती रोज दुपारी त्याला वाळवलेल्या हॅलिबटचा तुकडा द्यायची. तिच्याकडे दुसरं कोणी नव्हतं.

"मावशी, हा नको," एनोक तिच्या घरी जाऊन म्हणाला.

"का? दात पडलेत का त्याचे?"

"तुला लागतो तो."

"मला काय गाडी हाकायचीय या वयात? जा, दार लावून घे, थंडी येतेय."

एनोकने नाक ओढलं, उद्या वारा पडेल असं वाटतंय म्हणाला आणि दार लावून घेतलं.

आता नऊ कुत्रे आले म्हणजे गाडी झाली असं ज्याला वाटतं, त्याने कधी कुत्रे पाळलेले नाहीत. आमच्याकडे प्रत्येक कुत्र्याला वेगळी दोरी असते आणि ते पंख्यासारखे पसरून पळतात. एकमेकांना ओळखणारे असले तर ठीक. नाहीतर दोन वळणांत सगळ्या दोऱ्यांची वेणी पडते आणि वेणीच्या टोकाला मारामारी. एनोकचे तर सहा घरांचे, सहा रागांचे. महिनाभर तो रोज त्यांना बाहेर काढायचा आणि रोज कोणाचा तरी कान फाटून परत यायचा. पाहुण्यांना गाडीवरून फिरवायचं काम त्याला देणारी, सफरींचं ऑफिस चालवणारी नाया त्याला सांभाळून घेत होती, पण तिलाही वर उत्तर द्यायचं होतं. ती म्हणाली, "शनिवारी एक पाहुणी आहे, डेन्मार्कची. एवढी एक फेरी नीट करून दाखव, एनोक. मग हंगामभर तुझं नाव यादीत ठेवते. नाही जमलं तर मला दुसरा बघावा लागेल." फेऱ्या नाहीत तर कुत्र्यांना खायला नाही. म्हणजे कुत्रे ज्याचे त्याला परत करायचे आणि आपण मासळीच्या कारखान्यात उभं राहायचं. दोर्थेला ते कळत होतं. तिने त्याची सीलच्या कातड्याची विजार रात्री बसून शिवून दिली.

पाहुणीचं नाव इंगेलिसे, निवृत्त झालेली नर्स, हसरी बाई. एनोकने तिला रेनडिअरच्या कातड्यावर बसवलं आणि गाडी सुटली. पण गावाबाहेरून जाणारी वरची वाट गोठून काच झालेली. बर्फावर उतरायला एकच वाट उरली, घराघरांमधून जाणारी. तीच सहा घरं!

पाविया दारातच उभा होता. त्याचा झोपाळू कुत्रा आयुष्यात पहिल्यांदा जोरात पळाला, तो थेट त्याच्या दारात. बाकीचे आठ त्याच्यामागे.

"कॉफी प्यायला आलास होय?" पाविया म्हणाला. "निघून अजून पाच मिनिटं नाही झाली."

"बाजूला हो."

"मी कुठे धरलंय? तुझेच कुत्रे आहेत ना?"

पुढच्या घरीही तेच, त्याच्या पुढच्या घरीही तेच. प्रत्येक दारात कोणीतरी बाहेर यायचं, पाहुणीच्या हातात केकचा तुकडा ठेवायचं आणि कुत्र्याला लोटून परत वाटेला लावायचं. इंगेलिसेबाईंना वाटलं की सफर अशीच असते. "किती प्रेमळ पद्धत आहे तुमची," त्या म्हणाल्या. एनोक घामाघूम झाला होता, उणे वीसमध्ये.

शेवटचं घर बिबियानाचं. काळ्या सरळ तिच्या पायरीवर गेला आणि बसला. एनोकने हाक मारली, चाबूक बर्फावर आपटला. काळ्या जागचा हलला नाही. बिबियाना दार उघडून बाहेर आली. हात सवयीने खिशात गेला, तिथे वाळवलेल्या माशाचा तुकडा होता. एनोकने चाबूक खाली ठेवला. तिने तो तुकडा दिला असता तर काळ्या तिचाच झाला असता, आणि काळ्याशिवाय बाकीचे आठ म्हणजे नुसता गोंधळ. दोघांनाही ते ठाऊक होतं.

तिने हात रिकामाच बाहेर काढला. "इथे तुझं कोणी नाही," ती काळ्याला म्हणाली, आत गेली, दार लावलं आणि खिडकीचा पडदाही ओढून घेतला.

काळ्या दाराकडे तोंड करून ओरडला. बराच वेळ ओरडला. मग उठला, अंग झाडलं, आणि खाली बर्फाच्या दिशेने चालू लागला. बाकीचे त्याच्यामागे गेले.

पुढे काठाजवळ बर्फाला भेग पडलेली असते, भरती-ओहोटीची. त्या दिवशी ती रुंद होती. अशा वेळी सगळ्यांनी एकदम ओढलं तर गाडी पलीकडे जाते, एक जरी मागे राहिला तरी पाण्यात. एनोकला हाक मारायलाही सुचलं नाही. काळ्याने उडी घेतली आणि आठही जण त्याच्याबरोबर, पावियाचा झोपाळूसुद्धा. गाडी धाडकन पलीकडे आदळली. इंगेलिसेबाई हसत हसत म्हणाल्या, "परत येतानाही आहे का हे?" एनोकने तोंड फिरवलं आणि हातमोज्याने डोळे पुसले. त्यानंतर दिवसभरात दोऱ्या दोनदाच सोडवाव्या लागल्या. एकदा तर बाईंनीच सोडवल्या, पट्ट्या बांधायची सवय होती त्यांना.

परतताना ऊन उतरत आलं होतं. सहाही घरांची दारं बंद होती आणि सहाही घरांच्या खिडक्यांत माणसं होती. बिबियानाच्या घराशी काळ्याचा एक कान तेवढा फिरला, पण पाय थांबले नाहीत. कोणी वळलं नाही. बिबियानाच्या घराशी काळ्याचा एक कान तेवढा फिरला, पण पाय थांबले नाहीत. काळ्या एनोकच्या अंगणात जाऊन आपल्या साखळीपाशी उभा राहिला. दोर्थे दारात होती. तिने काळ्याच्या गळ्यात दोन्ही हात घातले आणि रडली.

कुत्र्यांना खायला घालून एनोक चालत बिबियानाकडे गेला. वाटेत त्याने चार वाक्यं जुळवली होती. दार उघडल्यावर त्यातलं एकही आठवेना.

"गेला ना पुढे?" तिने विचारलं.

"गेला."

"चांगलं झालं. बस. कॉफी घे."

तो बसला. माशाचा तो तुकडा टेबलावर तसाच पडला होता.

"तुझ्याकडे रडतो का रे तो?"

"आधी रडायचा. आता नाही."

"मी रडते अजून," बिबियाना म्हणाली आणि त्याच्या कपात कॉफी ओतली.

एनोकने नाक ओढलं. हवापाण्याचं बोलायला तोंड उघडलं आणि परत मिटलं. मग म्हणाला, "मावशी, तू मला माझं घर परत दिलंस. माझ्याच्याने याची फेड व्हायची नाही." एवढं बोलताना त्याचे कान लाल झाले. "तो आता तुझ्या दाराशी यायचा नाही. पण तू त्याच्यामागे यायला काय हरकत आहे? उद्या फेरी नाही. गाडी रिकामी आहे."

"वेडा आहेस. माझी हाडं मोडतील."

दुसऱ्या दिवशी ती त्याच्या आधी अंगणात हजर होती, नवऱ्याची टोपी घालून. एनोकने तिला कातड्यावर नीट बसवलं, पाय गुंडाळून दिले आणि स्वतः पुढे बसला. काळ्याने एकदा मागे वळून नाक वर केलं, आणि मग असा ओढायला लागला की त्याच्या जोडीने पळताना बाकीच्यांची दमछाक झाली. खाली मोकळ्या बर्फावर आल्यावर बिबियानाने एनोकच्या पाठीत बोट खुपसलं.

"जरा बाजूला सरक," ती म्हणाली. "मला तो दिसत नाहीये."