भाताच्या बांधावर विचारलं ते

पहिल्या देवळाला मी चालत्या गाडीतूनच नमस्कार केला. खानदेशात वाढलेल्या बाईचा हात शेतातलं देऊळ दिसलं की आपोआप कपाळाला जातो. म्हसोबा आहे की मरीमाय, ते मागाहून विचारायचं. आणि इथे तर काय, हनोई शहर मागे पडल्यापासून हिरव्यागार भातात ठिकठिकाणी छोटी छोटी देवळं उभी होती. कुठे पांढरी, कुठे करडी, कुणाला कोरीव छप्पर, पुढे उदबत्त्या खोचायला वाटी. मी आपली एकेकाला हात जोडत सुटले. किती देवभोळी माणसं आहेत गं बाई, असं मनाशी म्हणतही होते. शेजारी आमचे हे खिडकीला डोकं टेकून पेंगत होते.

ही सहल आमच्या चिरंजिवांनी भेट दिलेली. सुरतेत हल्ली जो उठतो तो व्हिएतनामला जाऊन येतो. आमच्या भेस्तानच्या सोसायटीतले खालच्या मजल्यावरचे जाऊन आले, फोटो दाखवून झाले, तेव्हा मुलाला वाटलं, आपलेच आईबाप का मागे? त्यात एक दिवस खेडी दाखवणारी छोटी सहल होती. दहा-बारा माणसं, एक गाडी, एक गाइड. मी म्हटलं, "अरे, खेडं बघायला इतक्या लांब कशाला? पारोळ्याला तुझ्या मामाकडे सोड, फुकटात दिसेल." पण पैसे भरून झाले होते, मग काय बोलणार.

गाडीत बाकी सगळी फोटो काढणारी तरुण मंडळी. आमच्या वयाचं एकच जोडपं, तेही निघालं सुरतेजवळच्या कामरेजचं, ऊसवालं. काकांना सगळीकडे जमीन दिसायची आणि काकूंच्या पर्समधून खाखरे संपत नव्हते. परदेशात सुरतेचं माणूस भेटलं की बरं वाटतं हो, कितीही नाही म्हटलं तरी. गाइड मुलगी आमच्या सुनेच्या वयाची. सोपं, सावकाश इंग्रजी बोलायची, त्यामुळे मलाही कळायचं. मी म्युनिसिपालटीच्या मराठी शाळेत बाई होते. इंग्रजी वाचता यायचं, ऐकायची सवय नव्हती.

शेवटी न राहवून मी तिला विचारलं, "इतकी देवळं कुठल्या देवाची?"

ती हसली नाही, हे तिचं मोठेपण. म्हणाली, "देव नाहीत त्यात. ती थडगी आहेत. ज्याचं शेत, त्याचे आईवडील, आजी-आजोबा."

माझा हात कपाळापाशीच राहिला. कामरेजच्या काकू किंचाळल्याच, "हाय हाय! आ तो समशान छे! हवे तो नहावुं पडशे!" म्हणजे आता आंघोळ करावी लागणार. त्यांनी पर्समधली पाण्याची बाटली काढून स्वतःच्या अंगावर चार थेंब शिंपडले, वर मलाही दोन मारले, कारण सगळ्यात जास्त नमस्कार माझेच झाले होते. काकांची काळजी वेगळी. "शेताच्या बराबर मधोमध? एवढी जमीन अडली ना!" असं ते हिंदीत म्हणाले. गाइडला त्यांचा हावभाव कळला असावा. ती म्हणाली, शेतकरी रोज सकाळी कामाला येतो, तेव्हा आईबाप डोळ्यासमोर असावेत असं त्याला वाटतं. आधी दुसरीकडे पुरतात. काही वर्षांनी घरचे लोक जाऊन उकरतात, अस्थी धुतात आणि मग अशा छोट्या घरात कायमच्या आणून ठेवतात. "आपल्या माणसाला एकटं ठेवायचं नाही," ती म्हणाली.

काकूंनी कानांवर हात ठेवले. मी मात्र खिडकीला नाक लावून बसले. एक गेलं की दुसरं येत होतं.

मला एक मुलगी होती. मुलाच्या आधीची. हे आमच्या मुलालासुद्धा ठाऊक नाही. सरकारी दवाखान्यात झाली, घरी आणली, पाचवी पुजली, आणि दुसऱ्या दिवशी दुपारी तिने अंगावर प्यायचं सोडलं. संध्याकाळ व्हायच्या आत गेली. लहान लेकरांना आपल्यात जाळत नाहीत, पुरतात. आणि बाईमाणसाने तिथे जायचं नाही. हे आणि माझे मोठे दीर तिला घेऊन गेले, मी भेस्तानच्या त्या एका खोलीत भिंतीकडे तोंड करून पडले होते. छातीला फडकं घट्ट बांधलेलं, तरी दूध येतच होतं. त्या दुधाचा मला इतका राग आला होता, की काय सांगू.

परत आल्यावर मी यांना विचारायला तोंड उघडलं, तर सासूबाईंनी तिथेच दाबलं. "जागा विचारायची नाही. आईला जागा कळली की तिचं मन तिथंच घुटमळतं, आणि पुढचं लेकरू राहत नाही." यांनाही त्यांनी आपल्या गळ्याची शपथ घातली. मी गप्प बसले. पुढचं लेकरू राहिलं. तो रांगला, बोलला, शाळेत गेला, तरी मी विचारलं नाही. त्याला साधा ताप आला तरी वाटायचं, मनात आणलं म्हणूनच आला. नंतर सासूबाई गेल्या, दीरही गेले. मुलाचं लग्न झालं. आता कसली भीती उरली होती? पण जीभच उचलत नव्हती. रस्त्याने जाताना कुठे मोकळी जागा, बाभळीचं झाड, खाडीचा काठ दिसला की मनात यायचं, इथे असेल का? आपण तिच्यावरून तर चालत नाही ना? अख्ख्या सुरतेत असा पायाखालचा संशय घेऊन मी फिरले. मला बाकी काही नको होतं. फक्त कुठे, एवढंच.

एका गावात गाडी थांबली. तरुण मंडळींना सायकली दिल्या, ती टिंग टिंग करत सुटली. कामरेजचे काका-काकू झाडाखाली शहाळं घेऊन बसले. आम्ही दोघं बांधावरून चालत निघालो. हे खाली वाकून माती चिमटीत घेऊन बघत होते. जन्म गेला लूम्सवर, मागाच्या धाग्याला गाठी मारण्यात, पण शेतकऱ्याची खोड काही जात नाही. पुढे एक बाई, डोक्यावर ती त्यांची टोकदार टोपी, थडग्यांभोवतीचं गवत उपटत होती. दोन मोठी थडगी होती आणि त्यांच्यामध्ये एक, जेमतेम गुडघ्याएवढं. मोठ्यांचं गवत तिने भराभर काढलं. लहानाशी आली तेव्हा खाली बसली, गळ्यातल्या फडक्याने त्याचं छप्पर पुसलं. मग उठली आणि दुसऱ्या वाफ्यात गेली. ते कुणाचं, मी विचारलं नाही. मला विचारायचं होतं ते दुसऱ्यालाच.

मी हळूच म्हटलं, "अहो, आपली पोर कुठे ठेवली होती तुम्ही?"

"काय?" हे म्हणाले.

लूम्सच्या खडखडाटात यांचे कान कधीच गेले. आमच्या घरात कुजबुज नावाची गोष्टच नाही. मिठाचा डबा मागायचा तरी शेजारच्यांना कळतं. मी पुन्हा म्हटलं, जरा मोठ्याने. यांनी कान पुढे केला. "काय? पाणी?"

माझं डोकंच फिरलं. इतकी वर्षं ज्याच्यासाठी तोंड शिवून बसले, ते काय आता ओरडून विचारायचं? तर हो, ओरडूनच विचारलं. "पोर! आपली पोर! कुठे पुरली ते विचारते मी!"

आवाज साऱ्या शेतावरून गेला. टोपीवाली बाई वळून पाहू लागली. झाडाखालून काकू हात हलवून 'भांडू नका, भांडू नका' अशा खुणा करत होत्या. आमचे हे तसेच उभे, हातात मातीचा खडा. तो त्यांनी हळूच खाली ठेवला, फेकला नाही.

"मायनी शपथ घालेल व्हती," ते म्हणाले. आईने शपथ घातली होती.

"आई जाऊन किती वर्षं झाली!"

"तू इचारं नही."

मी विचारलं नाही! मला इतका संताप आला, की त्या बांधावरून यांना चिखलात ढकलावं. मी विचारलं नाही म्हणून? आणि तुम्हाला कधी वाटलं नाही, आपण होऊन सांगावं? मी असं बरंच काही बोलले, सगळं मोठ्याने. हे मान खाली घालून ऐकत होते. मग बांधावर बसले, आणि माझा पदर ओढून मलाही बसवलं. आणि सांगायला लागले, त्यांच्या त्या लूम्सवाल्या आवाजात, अहिराणीत. तिथे कुणाला कळणार होतं? सांगू दे, मी म्हटलं, आता सगळं सांगू दे.

माझ्या अबोली साडीत गुंडाळून नेली होती. ती साडी पुढे कधी सापडली नाही, आणि मी आपली धुणंवालीवर संशय घेत राहिले. रिक्षावाल्याने पोर बघून नकार दिला, म्हणून चालत नेली, रेल्वेच्या रुळाकडेने खाडीपर्यंत. दीर म्हणत होते, दे, मी घेतो थोडा वेळ. यांनी दिली नाही. खड्डा दिरांनी खणला. खाली मीठ पसरलं. जागा खाडीच्या अलीकडे होती, उंचावर, भरतीचं पाणी येऊ नये अशी, दोन बाभळींच्या मध्ये.

"मग?" मी म्हटलं. "आता कुठे आहे ते? मला दाखवाल?"

 ते म्हणाले, लूम्सवरची पाळी सुटली की कधी कधी ते तिथे जायचे. पुष्कळ वर्षं जात होते. मला सांगायचे, दोस्ताकडे चहाला गेलो होतो. पुढे बाभळी तोडल्या, भराव टाकला, खाडी बांधून काढली. आता वरून मोठा रस्ता आहे, कडेला भंगाराची दुकानं. मध्येच कुठेतरी. बोट ठेवून इथेच असं सांगता यायचं नाही.

म्हणजे नाहीच. इतक्या वर्षांनी विचारलं आणि उत्तर असं. मी त्या रस्त्याने रिक्षातून शाळेत जायचे, रोज. मला रडू फुटलं. तोंडात पदर कोंबून नाही, चांगलं मोकळं रडले, लाजबीज सोडून. गाइड मुलगी धावत आली, माझ्याकडे बघून, त्या लहान थडग्याकडे बघून थांबली, आणि काही न विचारता मागे गेली. काकू येत होत्या, त्यांनाही तिने अडवलं. देव तिचं भलं करो.

"तुम्ही तरी जाऊन बसत होतात," मी यांना म्हटलं. "मला काय होतं? मला काहीच नव्हतं."

त्यांना ते ऐकू आलं. कसं कोण जाणे, पण आलं. ते माझ्याकडे वळले.

"तिनं नाव ठेयेल शे," ते म्हणाले. तिचं नाव ठेवलेलं आहे.

मला कळेचना. "कुणी? बारसं कुठे झालं होतं तिचं?"

नव्हतंच झालं. म्हणूनच. दीर म्हणाले, लोट माती, मागे वळून बघायचं नाही. यांनी सांगितलं, तुम्ही व्हा पुढे, मी येतो. दीर गेल्यावर हे खड्ड्यात वाकले. साडी बाजूला केली, कान मोकळा केला. बारशाला आत्या करते तसं, तिच्या कानात 'कुर्र' केलं आणि नाव सांगितलं. बिननावाची कशी लोटायची तिला, म्हणाले. मग कान झाकला आणि माती लोटली.

"काय नाव?" मी विचारलं.

त्यांनी सांगितलं. जन्मभर ओरडून बोलणाऱ्या माणसाने ते इतकं हळू सांगितलं, की मला कान त्यांच्या तोंडाशी न्यावा लागला. ते नाव मी इथे लिहिणार नाही. साधंच आहे. तेव्हा आमच्या चाळीत त्या नावाच्या दोघी-तिघी तरी असतील.

मी ते म्हणून पाहिलं. आधी नुसतं ओठांनी, मग आवाजात. हे माझ्या तोंडाकडे बघत होते. ते नाव त्यांच्याशिवाय दुसऱ्या कुणी कधी घेतलंच नव्हतं.

"परत म्हन," ते म्हणाले. "आयकू नही उनं."

मी त्यांना ऐकू जाईल अशी, मोठ्याने हाक मारली.