दिवसाला पाच मिनिटांचा आवाज

"हे बघा, उजव्या स्वरतंतूवर हा गोळा दिसायलाय," डॉक्टर म्हणाले आणि त्यांनी पडद्यावर पेन टेकवलं. नाकातून घातलेली नळी अजून माझ्या घशात होती, त्यामुळे मला हूं की चूं करता येत नव्हतं. पडद्यावर दोन पांढऱ्या पट्ट्या उघडमीट करत होत्या आणि एकीच्या कडेला मसुराच्या दाण्याएवढा लाल गोळा होता. सात वर्षं ज्याच्या जिवावर मी मिरवले, तो आवाज एवढासाच असतो हे मला कलबुर्गीच्या त्या दवाखान्यात कळलं.

या तपासणीला लॅरिंगोस्कोपी म्हणतात, म्हणजे दुर्बिणीनं स्वरयंत्र पाहणं. दुखत नाही, फक्त डोळ्यांतून पाणी येतं. त्या गोळ्याला व्होकल पॉलिप म्हणतात. स्वरतंतूंवर सारखा ताण पडून तिथली बारीक रक्तवाहिनी फुटली की असा मांसल फोड तयार होतो. दिसायला साधा वाटतो, तरी काढून तपासायला पाठवू, असं डॉक्टरांनी सांगितलं.

"काम काय करता?" नळी काढल्यावर त्यांनी विचारलं.

"खारीच्या पिल्लाचा आवाज काढते," मी घोगऱ्या आवाजात म्हणाले.

डॉक्टरांनी माझ्या यजमानांकडे पाहिलं. बाईच्या डोक्याचीही तपासणी करावी की काय, असा त्यांचा चेहरा झाला होता.

"व्हय, खरं हाय. टीव्हीवर लागतंय ते," यजमान म्हणाले.

मग मी सगळं सांगितलं. लहान मुलांच्या एका कार्टूनमध्ये फिरकू नावाचं खारीचं पिल्लू आहे. मराठीत आणि कन्नडमध्ये, दोन्हीकडे त्याचा आवाज माझा. बसवकल्याणच्या आमच्या घरात धान्याच्या खोलीला चहूकडून वाकळा टांगून मी रेकॉर्डिंग करते. हैदराबादचे दिग्दर्शक फोनवरून ऐकतात आणि सूचना देतात. फिरकू किंचाळतो, नाकात रडतो, झाडावरून पडतो, आणि प्रत्येक वेळी तो पडतो तो माझ्या घशातून. एवढं ऐकल्यावर डॉक्टरांनी मान हलवली आणि लगेच ऑपरेशनचं बोलायला सुरुवात केली.

माझा आवाज तेव्हा चार महिने बसलेला होता. ज्येष्ठमध चघळला, हळद घातलेलं दूध प्यायले, काढे घेतले आणि काम मात्र तसंच रेटत राहिले. तुम्ही असं करू नका. आवाज तीन आठवड्यांवर घोगरा राहिला तर कान-नाक-घशाच्या डॉक्टरांना दाखवा. गायकांनाच हे होतं असं नाही. मला दवाखान्याच्या बाकावर भेटलेल्यांत एक शाळामास्तर होते, एक भाजी विकणारी मावशी होती.

ऑपरेशनचं नाव मायक्रोलॅरिंजियल सर्जरी. तोंडातूनच करतात, बाहेर चिरा पडत नाही. मी दुसऱ्या दिवशी घरी आले. तपासणीचा अहवाल चांगला आला. खरं दुखणं पुढं होतं, ते म्हणजे दहा दिवसांचं पूर्ण मौन.

"बोलायचं न्हाई म्हणजे न्हाई," डॉक्टरांनी बजावलं होतं. "कुजबुजायचं बी न्हाई. कुजबुजताना तंतू जास्त आवळतात."

तोवर दिग्दर्शकांचा निरोप येऊन पडला होता. दहा भाग द्यायचे होते, थांबणं शक्य नव्हतं. हैदराबादेत एक मुलगी आहे, तिच्याकडून करून घेऊ का, असं त्यांनी विचारलं होतं. मी उत्तर लिहून पाठवलं की आमची लीला करील.

लीला म्हणजे माझी धाकटी जाऊ, दुबलगुंडी गावची. मी तालीम करायची तेव्हा समोरच्या पात्रांची वाक्यं ती वाचायची. माझी निवड ऐकून घरात माझं कौतुक झालं, मोठ्या जावेनं मन मोठं केलं म्हणून. इथं खरं सांगते. लीला कच्चं काम करील, मग सगळ्यांना माझी किंमत कळेल, असा माझा हिशेब होता.

पहिल्या दुपारी ती खरोखरच अडखळली. मी दाराबाहेर बसून ऐकत होते आणि ऑपरेशन झाल्यापासून पहिल्यांदाच मला बरं वाटलं. तिसऱ्या दुपारी तिला फिरकूचं हसू सापडलं. माझ्यापेक्षा वेगळं, जरा खट्याळ. माझी सात वर्षांची तनू शाळेतून आली, दप्तर टाकून तिथंच ऐकत उभी राहिली आणि म्हणाली, "आई, काकूचा फिरकू लई भारी हसायलाय गं!"

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. माझ्याच खोलीत, माझ्याच वाकळांच्या आड, माझाच फिरकू दुसऱ्या बाईच्या तोंडून हसत होता आणि माझी स्वतःची मुलगी टाळ्या पिटत होती. मला ओरडायचं होतं. ओरडता येत नव्हतं म्हणून मी ओठ हलवायला लागले. लीलाचं वाक्य संपलं की तेच वाक्य मी म्हणायची, जसं म्हणायला हवं होतं तसं. आवाज कुठं निघतोय, नुसते ओठ तर हलतात, असं मी स्वतःला समजावलं. पण ओठांमागून श्वास सुटायचा आणि घसा आपोआप आवळायचा. दुपारभर, सगळे संवाद, दोन्ही भाषांत.

दहाव्या दिवशी पुन्हा कलबुर्गी. पुन्हा नळी, पुन्हा तो पडदा. पांढऱ्या दिसायला हव्या होत्या त्या पट्ट्या लालभडक होत्या.

"कुणाशी बोललाव?" डॉक्टरांनी विचारलं.

मी नकारार्थी मान हलवली. यजमानांना राग आला. "एक शबूद बोलली न्हाई डॉक्टर, मी साक्षी हाय."

"मग कुजबुजलाव."

मी वहीत लिहिलं, 'जावेच्या मागोमाग संवाद म्हणत होते.'

"कामून?"

मी एकच शब्द लिहिला, 'जळून.' डॉक्टर हसले असते तर बरं झालं असतं. ते हसले नाहीत.

"असंच करत ऱ्हायलाव तर हितं कायमचा वण ऱ्हाईल," ते म्हणाले. "पिल्लू सोडा, पोरीला हाक मारायला बी आवाज निघायचा न्हाई. आणखी दहा दिवस मौन. आन् ती जाऊ काम करती तिथं बसू नका."

परतीच्या बसमध्ये हुमनाबाद आलं. यजमान म्हणाले, "लीलाला सांगू का, बंद कर म्हणून?" मला 'व्हय' म्हणायचं होतं. लाजेनं मी मान आडवी हलवली. त्यात मोठेपणा काही नव्हता.

ते दहा दिवस मी मागच्या अंगणात तूर निवडत काढले. तिथं रेकॉर्डिंग ऐकू येत नसे. विसाव्या दिवशी सूज उतरली. डॉक्टरांनी दिवसाला पाच मिनिटं बोलायची परवानगी दिली. साध्या आवाजात, आणि सगळी मिळून पाच. मी घड्याळ जवळ घेऊन बसायची. पाच मिनिटांत घरातलं कितीतरी बोलून होतं, आणि आपण एरवी किती वायफळ बोलतो तेही कळतं.

तेव्हाच शेवटचा भाग आला. फिरकूची आई जंगलात हरवते आणि तो रडतो. लीलाला ते रडणं दोन दिवस जमेना. दिग्दर्शक म्हणाले, बाई रडतेय असं वाटतं, पिल्लू वाटत नाही. उद्यापर्यंत जमलं नाही तर हैदराबादच्या मुलीला बोलावतो.

लीला बाहेर आली ती पडलेल्या चेहऱ्यानं. "अक्का, माझ्यानं व्हईना. काय चुकायलंय तेच कळंना," ती म्हणाली.

मला कळलं होतं. स्वयंपाकघरात तिचा सराव ऐकून पहिल्या दिवशीच कळलं होतं. माझी त्या दिवसाची पाचही मिनिटं शिल्लक होती. मी घशाकडे बोट दाखवलं, म्हणजे मला बोलायला मनाई आहे, आणि आत निघून गेले. फिरकू हैदराबादला गेला तरी चालेल, पण तिच्याकडे नको, इतकी मी खाली उतरले होते.

दुसऱ्या दिवशी मी अंगणात असताना लीला शेवटचा सराव करायला तिकडंच आली. मी तिच्याकडे पाठ केली. ती रडून बघत होती, पुन्हा, पुन्हा, आणखी जोरात. मग तिच्या आवाजाची कड फाटली. चार महिने मी ज्येष्ठमध चघळून लपवला होता तोच तो घोगरा आवाज. पडद्यावरचा लाल गोळा माझ्या डोळ्यांसमोर आला आणि मी वळले.

"थांब!" मी म्हणाले. "घसा खरडू नगंस, लीला. तू रडू भाईर टाकायलीस. ल्हान लेकरू श्वास आत घेताना रडतंय. आत वढ. मधी अडकू दे. हं, तसं."

चार मिनिटं गेली. पाचव्या मिनिटाला तिचा श्वास नेमका अडकला आणि माझ्या अंगावर काटा आला.

दुपारी मी दाराबाहेर तोंड घट्ट मिटून बसले. लीला रडली. फोनवर दिग्दर्शक एवढंच म्हणाले, "झालं." सात वर्षांत माझा फिरकू असा कधी रडला नव्हता. हे मला कळलं आणि ते झोंबलंसुद्धा.

पुढं तीन महिने स्पीच थेरपी केली, म्हणजे बोलायचे व्यायाम. घसा न ताणता श्वासावर बोलायला पुन्हा शिकायचं. आवाज परत आला, पण खालच्या पट्टीतला. फिरकूची उंच पट्टी आता तासभर पेलत नाही, म्हणून फिरकू लीलाकडे राहिला. मला त्याच कार्टूनमध्ये एक म्हातारं घुबड मिळालंय, त्याला किंचाळावं लागत नाही. ज्या डॉक्टरांनी हा आवाज राखला त्यांचे उपकार आहेत. आणि तुमच्यापैकी कुणी मौनात असाल तर घशाबरोबर मनात काय चाललंय तेही डॉक्टरांना सांगा. माझे दहा दिवस त्यापायी वाया गेले.

परवा तनूच्या शाळेत लीलाला बोलावलं होतं. मुलांनी फिरकू, फिरकू म्हणत तिला गराडा घातला. मी कडेला उभी होते, घुबडाला कुणी विचारलं नाही. घरी आल्यावर लीला भाकरी थापायला बसली आणि मी तिला सांगूनच टाकलं, "लीला, मी आजून जळते बघ तुझ्यावर."

"म्हाईत हाय की अक्का," भाकरी उलटत ती म्हणाली. "जळा खुशाल. पर वरडून जळू नका, डॉक्टरांनी न्हाई म्हणलंय."