कितीला बसलात?

काका कामावरून घरी आले, की ट्यूशनवाल्या काकू त्यांना पाण्याच्या आधी प्रश्न द्यायच्या. "गाडीत कितीला बसलात?"

काका चपला काढता काढता सांगायचे, "सहा चाळीस."

"अन् उतरलात?"

"सात पंचवीस."

आम्ही चौथीतली पोरं सतरंजीवर पेन्सिली सरसावून बसलेली असायचो. काका बदनापूरहून औरंगाबादला नोकरीला जायचे आणि त्यांचा परतीचा प्रवास हे आमचं रोजचं उदाहरण होतं.

पहिल्या दिवशी माझं उत्तर आलं पंच्याऐंशी मिनिटं. सातशे पंचवीसमधून सहाशे चाळीस मी सरळ वजा केले होते. काकू हसल्या. "अगं, एवढ्या वेळात काका जालना सोडून परतूरच्या वाटेला लागले असते! तासाला साठच मिनिटं असतात, शंभर न्हाई. जल्दी करू नको. आधी सातपाशी जाऊन टेक. किती झाली?"

"वीस."

"मंग आता पुढं चल."

आज मी हसनाबादला चौथीच्या वर्गाला शिकवते. तिथंही पोरांना आधी पूर्ण तासापाशी टेकवते.

पुस्तकातली उदाहरणं काकूंना कोरडी वाटायची. त्या ती आमच्या घरांवर बेतायच्या. एकदा त्यांनी कावेरीच्या वडिलांची मेंढरं सव्वानऊला रानात नेली आणि साडेचारला परत आणली. कावेरी म्हणाली, "काकू, येवढ्या लवकर न्हाई येत ती." काकूंनी लगेच फळा पुसला. "मंग कितीला येतात, सांग. तुझी मेंढरं, तुला बराबर माहीत."

एका संध्याकाळी मात्र काका आलेच नाहीत. मागच्याच महिन्यात त्यांच्या छातीत कळ आल्ती, हे आम्हालाही ठाऊक होतं. त्यांचा फोन बंद लागत होता. मला न्यायला आलेले माझे बाबा म्हणाले, "वहिनी, मी स्टेशनवर बघून येतो." ते गेले आणि काकू पुन्हा फळ्याकडं वळल्या. आवाज नेहमीसारखाच होता. "ज्वारी गिरणीत टाकली..." असं म्हणत त्यांनी वेळ लिहिली: सहा वाजून सत्तर मिनिटं.

कुणीच हसलं नाही. मी उठले, ते पुसलं आणि तिथं सात वाजून दहा लिहिलं.

"बराबर," काकू म्हणाल्या आणि खाली सतरंजीवर आमच्यात येऊन बसल्या. शिकवताना त्यांना बसलेलं मी तोवर कधी पाहिलं नव्हतं. कावेरीनं त्यांचा हात धरला. तो त्यांनी सोडवून घेतला नाही.

शेवटी दारात बाबांच्या मागं काका दिसले. गाडी मधेच शेतात उभी राहिली होती आणि फोनची बॅटरी संपली होती. काकूंनी काही न विचारता पाण्याचा तांब्या पुढं केला. काकाच ओशाळून म्हणाले, "सहा चाळीसला बसलो, आठ वीसला उतरलो. करा रे पोरांनो."

"आज गणित न्हाई," काकू म्हणाल्या. "सगळे घरी जा." आणि पदर तोंडाला लावून आत गेल्या.

पुढं काका निवृत्त झाले. दोघांनी मुलाकडं नाशिकला जायचं ठरवलं. मी तेव्हा कॉलेजात होते. स्टेशनवर पोचवायला गेले, तर डोळे भरून आले आणि बोलायचं सगळं राहून गेलं. खिडकीपाशी उभं राहून मी एवढंच म्हणाले, "काकू, पोचलात की फोन करा."

"करते गं."

दिवसभर फोन मी हातातून खाली ठेवला नाही. संध्याकाळी तो वाजला. मी काही विचारायच्या आतच काकू म्हणाल्या, "पोचलो गं आम्ही. तू जेवलीस का?"