दुर्बिणीतील दोन अंतरे

गेल्या हिवाळ्यात माझा एक जुना विद्यार्थी रजेवर आला असताना जालन्याला माझ्या घरी आला. चहा येण्यापूर्वीच त्याने वही उघडली आणि म्हणाला, "बाई, एक गणित डोक्यात बसून न्हाई राह्यलं."

निवृत्त होऊन मला सहा वर्षे झाली होती. हा विद्यार्थी तिशी ओलांडलेला, सैन्यात लांब पल्ल्याची रायफल चालवणारा नेमबाज. शाळेत तो तिसऱ्या बाकावर बसे आणि भूमितीच्या आकृत्या मोजपट्टीशिवाय काढून माझा ओरडा खाई. आता त्याने आकृती मोजपट्टीने काढून आणली होती. त्यावरूनच मी ओळखले की प्रकरण गंभीर आहे.

सवयीप्रमाणे मी क्रमाने विचारले. त्याला नेमबाजी शिकवणारा उस्ताद व्हायचे होते. त्याची तोंडी परीक्षा असते. एकदा तो तिच्यात नापास झाला होता आणि दुसरी संधी ही शेवटची होती. उत्तीर्ण झाला तर प्रशिक्षण केंद्रावर नेमणूक, राहायला घर, बायको आणि मुलगी सोबत. नाही झाला तर आणखी दोन वर्षे उंचावरच्या बर्फाळ चौकीवर. मुलगी पाच वर्षांची होती, आणि त्याच्याच हिशोबाप्रमाणे त्या पाच वर्षांत तो तिच्याजवळ सलग तीन महिनेही राहिला नव्हता.

"मंग तुझे अडते कुठे?" मी विचारले. त्याच्याशी बोलताना माझ्याही तोंडी 'मंग' येतो.

त्याने सांगितलेले मी जसे समजले तसे लिहिते. पूर्वी रायफलीवरच्या दुर्बिणीत नुसती बारीक फुली असे. अंतर किती, वारा किती, गोळी किती खाली येईल, हे नेमबाज अंदाजाने आणि खिशातल्या तक्त्याने ठरवी. आता दुर्बिणीतच लहान संगणक आला आहे. ती डोळ्याला न दिसणारा किरण लक्ष्यावर टाकून अंतर मोजते. हवेचा दाब, तापमान आणि रायफलीचा कल स्वतःच वाचते. मग आत एक प्रकाशाचा ठिपका उमटतो. तो ठिपका लक्ष्यावर ठेवायचा, एवढेच माणसाचे काम उरते. वाऱ्याचा अंदाज तेवढा अजूनही माणसाला करावा लागतो.

"यंत्राचं नाव विचारू नका, बाई. पण काटकोन त्रिकोण काय गुप्त नसतो."

"बरं. प्रश्न सांग."

"लक्ष्य वर डोंगरावर आहे. तीस अंशांचा चढ. दुर्बीण म्हणते, अंतर सहाशे मीटर. अन् त्याच्याच खाली लिहिती, पाचशे वीस. परीक्षेत साहेबांनी विचारलं, थंडीनं बॅटरी बसली, यंत्र बंद पडलं, तर कोणतं अंतर धरशील अन् का? तेच लक्ष्य खाली दरीत असलं तर?"

मी लगेच उत्तर दिले. चाळीस मुलांसमोर उभे राहून तीस वर्षे काढली की उत्तर लगेच देण्याची वाईट खोड लागते. मी म्हणाले, "हे तर सोपे आहे. चढावर गोळी दमते, म्हणून अंतर जास्त धरून नेम वर घ्यायचा. उतारावर तिला मदत मिळते, म्हणून नेम खाली."

त्याने पेन्सिल खाली ठेवली.

"बाई, मी परीक्षेत शब्दाला शब्द हेच सांगितलं होतं."

"मग?"

"नापास झालो की."

यंत्राचे म्हणणे निराळे होते. चढ असो वा उतार, दोन्ही वेळा ते पाचशे वीसच दाखवी. म्हणजे दोन्ही वेळा सपाटीपेक्षा नेम खालीच. मी आकृती पुन्हा काढली. सहाशे हा कर्ण, कोन तीस अंश, पाया पाचशे वीस. आकडा बरोबर जुळला. पण जुळला म्हणून मला तो समजला, असे मी म्हणू शकत नव्हते. गोळी कर्णावरून जाते. सहाशे मीटर हवा तीच कापते. मग तिने पायाचे अंतर का मानावे? आणि वर जाणारी व खाली येणारी गोळी सारखीच कशी वागेल? मी त्याला म्हणाले, "मला दोन दिवस दे." त्याच्या रजेचे पाचच दिवस उरले होते.

ते दोन दिवस वाया गेले. मी जुनी पुस्तके काढली. एकदा उत्तर सापडल्यासारखे वाटले, पण चढाचे उदाहरण पटले की उताराचे पटेना. गच्चीवर जाऊन शेजारच्या पाण्याच्या टाकीकडे पट्टी रोखून पाहिले. शेजारीण म्हणाली, "बाई, टाकी वाकडी झाली का काय?" मी म्हणाले, "टाकी सरळ आहे." त्याहून अधिक मला त्या दिवशी काहीच ठामपणे सांगता आले नसते.

तिसऱ्या दिवशी त्याने फोन करून गावी बोलावले. भोकरदनवरून पुढे, पिंपळगाव रेणुकाईच्या पलीकडे, डोंगराच्या पायथ्याशी त्यांचे रान आहे. "इथं खरा चढ आहे, बाई. कागदावर न्हाई दिसत, तर रानात दिसल."

रान उतारावर होते. वरच्या अंगाला तूर, खाली ज्वारी, आणि खालच्या कोपऱ्यात दगडाने बांधलेली विहीर. त्याचे वडील, ज्यांना तो आबा म्हणतो, बांधावर बसले होते. आम्ही दोघे तुरीच्या कडेपासून विहिरीपर्यंत दोरी ताणू लागलो तसे ते उठले.

"मोजा, मोजा! बाई, तुम्ही शिकलेल्या हायत, तुम्हीच सांगा. माझी दोरी म्हणती दोन एकर चार गुंठे. सरकारी मोजणीवाला आल्ता, तो म्हणला दोन एकर. चार गुंठे कुठं गेले?"

"आबा, आत्ता ते नका काढू," मुलगा म्हणाला.

"का न्हाई काढू? त्यानं टेप जमिनीवर टाकलीच न्हाई. हवेत आडवी धरली, एक टप्पा खाली उतरला, परत आडवी धरली. मी म्हणलं, साहेब, नांगर काय हवेत चालतो का? चढावर बैल दमतेत, माझे पाय दुखतेत, ते कोण मोजणार?"

"मग तो काय म्हणाला?" मी विचारले.

"लई टग्या होता. म्हणला, काका, तुमची विहीर साठ फूट खोल हाय. ती पण रानात धरू का?"

मुलगा हसला. मी हसले नाही. माझ्या हातातली दोरी सैल झाली आणि मी विहिरीच्या कठड्याशी गेले. आत डोकावून मी त्याला विचारले, "रायफल सरळ विहिरीत रोखून गोळी सोडली, तर ती नेमाच्या रेषेपासून किती सरकेल?"

"सरकंल कशाला? पृथ्वी तिकडंच ओढती. सरळ तळाला जाईल."

"आणि सरळ आभाळाकडे सोडली तर?"

त्याने वर पाहिले. "तवा पण न्हाई. त्याच रेषेत वर जाईल, त्याच रेषेत परत येईल."

"आणि सपाटीवर?"

"तवा पुरी ओढ आडवी लागती. पुरी वाकती." तो मधेच बोलायचा थांबला आणि डोंगराकडे, मग विहिरीकडे पाहू लागला. "म्हंजी चढ न् उतार दोन्ही अधलेमधले. ओढीचा एक हिस्सा रेषेच्या लांबीत जातो. वाकवायला उरतो तो कमीच. वर जा का खाली जा."

"म्हणून?"

"म्हणून दोन्ही वेळा नेम खाली. अन् अंतर धरायचं ते मोजणीवाल्याचं. आडवं."

त्याने वही कठड्यावर ठेवली आणि उभ्याउभ्याच लिहू लागला. मला समाधान वाटायला हवे होते. थोडे वाटलेही. पण परतताना एसटीत बसल्यावर मी ते सगळे स्वतःशी पुन्हा मांडले, तेव्हा मधली एक पायरी निसटली. घरी येऊन सापडली, सकाळी पुन्हा निसटली. विहीर आणि सपाटी मला समजते. अधलेमधले मी अजूनही आकड्यावर विश्वास ठेवून मानते, असे प्रामाणिकपणे लिहिले पाहिजे.

त्या दिवशी रानात मात्र आबांचे प्रश्न काही थांबले नव्हते. त्यांनी विचारले, "म्हंजी तो मोजणीवाला बराबर होता?"



"गोळीपुरता बराबर होता, आबा," मुलगा म्हणाला.

"अन् यंत्राला हे समदं येतं, तर तुला कशाला पाठ करायचं?"

"बॅटरी बसती ना."

"अन् न्हाई बसली तर? मंग नेम तुझा का त्याचा?"

मुलाने वही मिटली. "ठिपका ते देतं. बोट माझं. नेम कुणाचा, ते मला पण समजून न्हाई राह्यलं." मी दोरी गुंडाळायला घेतली.

महिन्याभराने त्याचा फोन आला. उत्तीर्ण झाला होता. साहेबांनी तोच प्रश्न वेगळा कोन घेऊन विचारला, आणि याने फळ्यावर आधी विहीर काढली. घर मिळाले होते. जूनमध्ये मुलीला तिथल्या शाळेत घालायचे होते, पहिलीला वय पुरते का, हे त्याला माझ्याकडून हवे होते.

"आणि चौकीवर तुझ्या जागी कोण?" मी सहज विचारले.

"माझ्यासंगं परीक्षेला बसलेला एक होता. तो न्हाई झाला पास. तोच गेला वर, तीच दुर्बीण घेऊन. मी त्याला स्टेशनवर विहिरीचं समजावलं, बाई. दोनदा. तो म्हणला, आता कशाला, यंत्र हाय की."

ज्याला मी कधी पाहिले नव्हते, त्याच्याविषयी काय वाटून घ्यावे हे मला ठरवता येईना. इकडे माझ्या विद्यार्थ्याच्या आवाजात इतका आनंद होता की त्यात हा प्रश्न घालणेही बरे वाटेना.

"बाई? आवाज येऊन राह्यला का?"

"येतो आहे," मी म्हणाले. "मुलीची जन्मतारीख सांग."